क्लब हाऊसच्या कपाटात कोणती पुस्तकं? (सोसायटी ग्रुप, फोंडा)

सेक्रेटरी: नमस्कार मंडळी. क्लब हाऊसमधल्या रिकाम्या कपाटासाठी कमिटीने ₹५,००० मंजूर केले आहेत. मागच्या मीटिंगमध्ये चार प्रकार ठरले: रहस्य-थरार, आत्मकथनं, इतिहास आणि अद्भुत. खरेदी गणेश चवथीआधी उरकायची आहे. नावं सुचवा.

ओंकार (सी-४०१): 'आयुष्यात वाचायलाच हवीत अशी १०० पुस्तकं' हा फॉरवर्ड टाकतो. यातली वीस उचलू?

नाईक सर (बी-३०३): ओंकार, यादी बघितली. अनुवादक नाही, प्रकाशक नाही, कुठली आवृत्ती तेही नाही. हिच्यावरून दुकानात गेलास तर एकाच नावाची तीन पुस्तकं समोर येतील आणि तू सगळ्यात स्वस्त उचलशील. तिथेच फसायला होतं.

शुभदा (ए-१०२): सर, म्हणजे बघायचं काय? तुमचा जन्म ग्रंथालयात गेला, आम्हाला मुखपृष्ठच दिसतं 😄

नाईक सर (बी-३०३): मुखपृष्ठ उलटा. आतल्या शीर्षकपानावर लेखकाच्या खालचा एक शब्द वाचा. 'अनुवाद' असेल तर साधारण पूर्ण पुस्तक. 'संक्षिप्त' म्हणजे कापलेलं. 'स्वैर अनुवाद', 'भावानुवाद' म्हणजे अनुवादकाने मोकळीक घेतली आहे. 'रूपांतर' किंवा 'आधारित' असेल तर गाव, माणसं, कधी शेवटसुद्धा बदललेला असतो. यात वाईट काही नाही, पण काय घेतोय ते कळायला हवं. त्याच्या पाठच्या पानावर पहिली आवृत्ती कधीची, हे पुनर्मुद्रण की सुधारित आवृत्ती, आणि आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा ओळख क्रमांक. १३ आकडी नंबर ९७८-८१ किंवा ९७८-९३ ने सुरू झाला की भारतातला प्रकाशक. दुकानदाराला फोनवर तो नंबरच सांगा, नावाचा घोळ मिटतो.

ओंकार (सी-४०१): थरारापासून सुरू करूया का? मला तेवढंच कळतं.

गावकर मॅडम (ए-३०१): थरारात मागचं कव्हर वाचायचं नाही, हा पहिला नियम. तिथे निम्मी गोष्ट फोडलेली असते. पहिली दोन पानं वाचा, मग मधलं एखादं पान उघडा. त्या पानावर कोण बोलतंय ते वाक्यावरून ओळखता आलं तर घ्या. सगळी पात्रं एकाच आवाजात बोलत असतील तर उकल पन्नास पानं आधीच कळते.
मराठीत सुरुवात करायची तर बाबूराव अर्नाळकरांचा झुंजार किंवा काळा पहाड. छोटी पुस्तकं, क्रम पाळायची गरज नाही, कुठलंही आधी चालतं. सुहास शिरवळकरांची मात्र नायकाच्या नावाने मागा: वकील अमर विश्वास वेगळा, मंदार पटवर्धन वेगळा, दारा बुलंद वेगळा. 'शिरवळकरांचं काहीही द्या' म्हटलं की दुकानदार 'दुनियादारी' काढून देतो, आणि ती रहस्यकथा नव्हे.

कामत काकी (बी-१०१): भुताखेताचं नको हो, खाली मुलं बसतात.

गावकर मॅडम (ए-३०१): काकी, नारायण धारपांच्या भयकथा वरच्या खणात ठेवू 🙂 त्यांच्याबाबतीत एक सांगते. 'लुचाई' ही स्टीफन किंगच्या 'सेलम्स लॉट'वर बेतलेली आहे. इंग्रजी वाचलेल्याने मराठी घेतली तर पुढे काय ते ठाऊक असतं. तरी वातावरण कसं इकडचं करून घेतलंय हे बघायला मी तरी दोन्ही ठेवीन.

शुभदा (ए-१०२): नवे लेखक कसे शोधायचे? दुकानात तीच तीच नावं दिसतात.

गावकर मॅडम (ए-३०१): दिवाळी अंक. रहस्य आणि अद्भुत यांसाठी 'धनंजय' आणि 'नवल', मागच्या दोन-तीन वर्षांचे जुने अंक रद्दीच्या भावात मिळतात. पंधरा-वीस पानांच्या एका कथेत माणूस कसा लिहितो ते कळतं. ज्यांच्या कथा आवडल्या ती दोन नावं लिहून ठेवा आणि मग त्यांच्या कादंबऱ्या मागवा. चारशे पानांवर पैसे लावण्याआधी चाखून बघितल्यासारखं. नव्या पुस्तकांची खबर हवी तर 'ललित' मासिक.

सेक्रेटरी: हे बरें. पुढे.

प्रकाश (सी-२०२): आत्मचरित्रांची पीडीएफ माझ्याकडे आहेत, ४० एक. टाकू का?

*हा मेसेज डिलीट केला आहे*

नाईक सर (बी-३०३): प्रकाश, बरं केलंस काढलंस. आपल्याकडे लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतो, आणि ती मोजायची मृत्यूच्या पुढच्या १ जानेवारीपासून. धर्मानंद कोसंबी १९४७ मध्ये वारले, म्हणजे २००८ पासून त्यांचं लेखन मोकळं. लक्ष्मीबाई टिळकांचं त्याआधीपासूनच मोकळं. असली पुस्तकं विकिस्रोतावर आणि इंटरनेट अर्काइव्हवर शोधा. मात्र जुन्या पुस्तकाला कुणी हल्ली प्रस्तावना, टिपा जोडल्या असतील तर त्या भागाचा हक्क वेगळा, अनुवादकाचाही वेगळा.

शुभदा (ए-१०२): कोसंबी म्हणजे आपल्या साखवाळचेच ना?

नाईक सर (बी-३०३): तेच. 'निवेदन' हे त्यांचं आत्मचरित्र. बौद्ध धर्म शिकायचा म्हणून घर सोडलं ते पुणे, काशी, नेपाळ, सिंहल (श्रीलंका). गोव्याच्या कपाटात ते नसेल तर कपाट कशाला? त्याच्या शेजारी गोवामुक्तीसाठी लढलेल्या मोहन रानड्यांचं 'सतीचे वाण' ठेवा. गोवा मुक्त झाला १९ डिसेंबर १९६१ ला आणि हा माणूस लिस्बनजवळच्या काशियसच्या तुरुंगातून सुटला जानेवारी १९६९ मध्ये. ही दोन आधी, बाकीची नंतर.

गावकर मॅडम (ए-३०१): आत्मकथनात दोन तारखा बघाव्यात. घटना कधीच्या आणि लिहिलं कधी. अंतर जितकं जास्त, तितके संवाद लेखकाने नंतर रचलेले. आणि 'शब्दांकन' हा शब्द शोधा, म्हणजे एकाने सांगितलेलं दुसऱ्याने लिहिलेलं. अभिनेत्री हंसा वाडकरांचं 'सांगत्ये ऐका' शब्दांकित आहे. नावातच सांगितलंय म्हणा. बोली सुंदर उतरली आहे, पण वाक्य कुणाचं हा प्रश्न डोक्यात ठेवून वाचावं.

प्रकाश (सी-२०२): गोडसे भटजींचं 'माझा प्रवास' माझ्या यादीत होतं. १८५७ च्या बंडाचं. मग ते घेऊ ना?

नाईक सर (बी-३०३): घ्या, पण कुठलं? १९०७ मध्ये छापलेलं चिंतामणराव वैद्यांनी संपादलेलं होतं. भाषा सफाईदार केली, मजकुरातही हात घातला. मूळ हस्तलिखितावरून दत्तो वामन पोतदारांनी काढलेली आवृत्ती १९६६ ची. बाजारात या दोन्ही आवृत्त्यांची पुनर्मुद्रणं फिरतात आणि बाहेरून सारखीच दिसतात. प्रस्तावनेत 'मूळ हस्तलिखितानुसार' अशा अर्थाचं काही लिहिलं असेल तरच ते उचला. मूळची भाषा थोडी अडखळवते, पहिली वीस पानं मोठ्याने वाचली की कान बसतो. झाशीचा वेढा आतून बघणारा हा भटजी, त्याला परीटघडीचं मराठी शोभत नाही.

कामत काकी (बी-१०१): इतिहासात 'श्रीमान योगी' घालाच.

नाईक सर (बी-३०३): काकी, घालू, पण कादंबरीच्या खणात. तिच्यातले संवाद लेखकाचे. ऐतिहासिक कादंबरी आणि इतिहास एका फळीवर ठेवले की शाळेची मुलं निबंधात संवाद पुरावा म्हणून लिहितात.

ओंकार (सी-४०१): मग खरा इतिहास ओळखायचा कसा? सगळीच जाड असतात.

नाईक सर (बी-३०३): मागून उघडायचा. संदर्भसाधनं आहेत का, सूची आहे का, नकाशा आहे का. सूची असेल तर 'फोंडा' काढ. आपल्या गावाची परीक्षा सोपी पडते. नोव्हेंबर १६८३ मध्ये पोर्तुगीज विजरई (व्हाइसरॉय) कोंद द आल्व्होरने फोंड्याच्या किल्ल्याला वेढा घातला, संभाजी महाराज चालून आले, विजरई मागे हटला आणि त्याच महिन्यात मराठे जुव्यावर, म्हणजे सांत इस्तेव्ह बेटावर उतरले. एवढाच प्रसंग तीन पुस्तकांत शेजारी शेजारी ठेवून वाच. सैन्याचा आकडा कुठून आला ते सांगितलंय का? पोर्तुगीज कागद वापरलेत की फक्त बखर? तारखेला आधार आहे का?
तारखांचं खास सांगतो. पोर्तुगीजांनी नवी (ग्रेगोरियन) कालगणना १५८२ मध्येच घेतली, इंग्रजांनी थेट १७५२ मध्ये. त्यामुळे त्या काळच्या इंग्रजी वखारीच्या पत्रातली तारीख पोर्तुगीज कागदापेक्षा १० दिवस मागे दिसते. मराठी कागदात शक: त्यात ७८ मिळवायचे, पण १ जानेवारीनंतरच्या पौष, माघ, फाल्गुनातल्या तिथीला ७९. दोन पुस्तकांत दहा दिवसांचा फरक दिसला तर लगेच एकाला खोटं ठरवू नका. ज्या लेखकाने हा फरक टिपेत सांगितलाय तो लेखक ठेवा.

शुभदा (ए-१०२): या प्रसंगासाठी एकच घ्यायचं तर?

नाईक सर (बी-३०३): पांडुरंग पिसुर्लेकर. 'पोर्तुगेज-मराठे संबंध, अर्थात् पोर्तुगेजांच्या दप्तरांतील मराठ्यांचा इतिहास'. पुणे विद्यापीठ, १९६७. गोव्याचा दप्तरखाना ज्यांच्या हाताखालून गेला त्यांचं काम. शीर्षकात 'पोर्तुगेज' आहे, 'पोर्तुगीज' नव्हे. लायब्ररीच्या कॉम्प्युटरवर 'पोर्तुगीज' टाईप करून 'नाही' असं उत्तर आलं म्हणून परत फिरू नका. आडनाव आणि एकच ठळक शब्द टाका: 'पिसुर्लेकर मराठे'. आत्मकथनांचंही तसंच, कुठे आत्मचरित्र, कुठे आत्मवृत्त, कुठे आत्मकथा. चारी शब्दांनी शोधा. रोमन लिपीतूनही एकदा टाका.

ओंकार (सी-४०१): पणजीच्या सेंट्रल लायब्ररीत मिळेल?

नाईक सर (बी-३०३): पाट्टोच्या त्या लायब्ररीतच आधी बघायचं. १८३२ पासूनची संस्था आहे. इतिहास विकत घेण्याआधी तिथे बसून चाळा, निम्मी यादी आपोआप गळते. ड्यूईच्या आकड्यांवर (ग्रंथालयातले विषयवार क्रमांक) मांडणी असली की मराठी कादंबरी ८९१.४६३, चरित्रं ९२०, भारताचा इतिहास ९५४. रहस्यकथांना वेगळं कपाट नसतं, त्या सगळ्या कादंबऱ्यांत लेखकाच्या आडनावाने मिसळलेल्या. म्हणून लेखकाचं नाव ठरवूनच जा. आणि हव्या त्या पुस्तकाच्या डाव्या-उजव्या हाताची पाच-पाच बघा. कॉम्प्युटरला न सुचलेलं तिथे सापडतं.

ओंकार (सी-४०१): अद्भुत राहिलं! माझा विषय. टोल्किनच्या 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'ची तिन्ही मराठीत आहेत, 'स्वामी मुद्रिकांचा', मुग्धा कर्णिकांचा अनुवाद. हॅरी पॉटरही आहे.

गावकर मॅडम (ए-३०१): आहेत, पण सोसायटीसाठी मालिका घेताना एक धोका असतो. पहिला भाग कुणीतरी नेतो आणि परत येत नाही, मग उरलेले सहा धूळ खातात. पहिल्या भागाच्या दोन प्रती, पुढचे मागणी आल्यावर. टोल्किनचं वेगळं. ती तीन खंडांत कापलेली एकच गोष्ट आहे, १९५४-५५ मध्ये तशीच आली. एक खंड घेऊन उपयोग नाही.
मालिका पूर्ण झाली आहे का हेही बघावं. मूळ पूर्ण असली तरी मराठी अनुवाद मध्येच थांबलेले असतात. शेवटचा भाग मराठीत आहे याची खात्री करून मगच पहिला घ्या.

ओंकार (सी-४०१): आपल्याकडचं काही?

गावकर मॅडम (ए-३०१): नाथमाधवांचं 'वीरधवल'. भाषा जुनी, पण वेग आहे. आणि सोमदेवाचा 'कथासरित्सागर', अकराव्या शतकातलं काश्मीर. १८ लंबक, म्हणजे भाग, आहेत, पहिल्यापासून वाचायला घेतलंत तर गोष्टीतल्या गोष्टीत हरवाल. बाराव्या लंबकात वेताळाच्या पंचवीस गोष्टी आहेत, तिथून शिरा. इथे वाचकाला वंशावळीचा तक्ता लागतोच. नसेल तर पुठ्ठ्यावर स्वतः काढा आणि बुकमार्क म्हणून आत ठेवा.

प्रकाश (सी-२०२): ज्येष्ठांना अक्षर बारीक पडतं. किंडल घेतलं तर?

शुभदा (ए-१०२): किंडलवर मराठी २०१६ च्या डिसेंबरपासून आहे. आधी नमुना उतरवा आणि अक्षर मोठं करून बघा. स्कॅन केलेल्या पानांचं पुस्तक असेल तर अक्षर मोठं होत नाही, अख्खं पान सरकतं. ज्यांना वाचणंच जड जातं त्यांना स्टोरीटेल, म्हणजे पुस्तकं ऐकायचं ॲप. त्यात पुस्तकापेक्षा वाचणाऱ्याचा आवाज आधी पाच मिनिटं ऐका. आत्मकथनं ऐकायला उत्तम, तळटिपांचा इतिहास ऐकून काहीच हाती लागत नाही.

सेक्रेटरी: थोडक्यात सांगा, आधी काय घेऊ? ₹५,००० च आहेत हो.

नाईक सर (बी-३०३): आत्मकथनं चार, अर्नाळकर-शिरवळकर मिळून सहा, 'वीरधवल' आणि जुने दिवाळी अंक पाच. टोल्किनचा संच पैसे उरले तर. इतिहासाचं आत्ता काहीच घेऊ नका. शनिवारी सकाळी पाट्टोला जातो, 'फोंडा १६८३' तीन-चार पुस्तकांत पडताळून एक नाव कळवतो. गाडीत दोन जागा आहेत.

ओंकार (सी-४०१): मी येतो सर 🙋‍♂️

कामत काकी (बी-१०१): त्याआधी ते कपाट भिंतीपासून चार बोटं पुढे ओढा. मागे बाथरूमचा पाईप जातो, श्रावणापर्यंत सगळ्या पुस्तकांना बुरशी चढेल. आणि प्लास्टिकची कव्हरं घालू नका, आत घाम धरतो.

सेक्रेटरी: प्लंबरला सांगतो काकी. देव बरें करूं.