थंबनेलवर ४२, निकालात ५

टिळकवाडीकर (धागाकर्ता):
परवा कोल्हापूरच्या गाडीत शेजारचा पोरगा मोबाईल मोठ्यानं लावून बसलेला. एका मराठी कथनकाराची, लेकरं पळवून मारणाऱ्या गावित बहिणींवरची मालिका. निपाणी येईपर्यंत मीही ऐकली. आवाज चांगलाय, गडी तयारीचा आहे. पण थंबनेलवर काय, तर ‘४२ लेकरांचे बळी’! खटला होता १३ मुलं पळवल्याचा आणि सुप्रीम कोर्टात २००६ ला टिकले ते ५ खून. पाच कमी पडले काय ओ? मढ्याच्या टाळूवरचं लोणी खायचा धंदा आहे हा.

खानापूरचा वाचक:
नाही पटत. हाच माणूस दुसऱ्या भागात निकालपत्र समजावून सांगतो. चोरी करताना सापडलं की कडेवरचं पोर पुढं करायचं, लोकांचं लक्ष तिकडं वळवायचं. पोर उपयोगाचं राहिलं नाही की संपवायचं. आणि त्या बहिणींतल्या रेणुकाचा नवरा माफीचा साक्षीदार झाला म्हणून सगळं बाहेर आलं. एवढी वर्षं पेपर वाचून हे मला धड कळलं नव्हतं. ४२ ची चूक मान्य. म्हणून सगळं कामच कचऱ्यात टाकायचं?

निपाणीची मावशी:
१९९६ ला त्या धरल्या तेव्हा माझा धाकटा तीन वर्षांचा. यात्रेत त्याच्या मनगटाला पदराची गाठ मारायची मी. तो चिडायचा, दातानं गाठ सोडवायचा, पदराचं टोक ओलं करून ठेवायचा. त्या भीतीला पार्श्वसंगीत लागत नव्हतं बाबांनो. आता नातू तीच गोष्ट जेवताना ऐकतो, वर मलाच म्हणतो, “आज्जी, भारी आहे बघ.”

टिळकवाडीकर:
तेच सांगायलोय की मावशी.

हिंडलगा रोड:
मग पुढचं कोण सांगणार? बलात्कार आणि खुनाचा गुन्हेगार उमेश रेड्डी फाशीचा कैदी म्हणून आपल्या बेळगावच्या हिंडलगा जेलमध्ये होता. दयेचा अर्ज निकाली निघायच्या आधीच त्याला वर्षानुवर्षं बेकायदा एकांतात ठेवलं, म्हणून सुप्रीम कोर्टानं २०२२ ला फाशी रद्द करून किमान ३० वर्षांची जन्मठेप दिली. त्याच वर्षी गावित बहिणींचीही फाशी गेली. दयेच्या अर्जावर सरकारनं इतकी दिरंगाई केली की मुंबई हायकोर्टानं जन्मठेप केली. आमच्या कट्ट्यावर अजून निम्मे जण म्हणतात, दोघी कधीच फासावर गेल्या! कथनकाराचा शेवटचा भाग नेमका यावरच आहे. पण तो ऐकतंय कोण?

खानापूरचा वाचक:
मुलांची नावं त्यानं बदललीत, तेही लिहा की.

टिळकवाडीकर:
नावं बदलली हो, पण गाव, ठिकाण, तारीख तीच ठेवली. शेजाऱ्यापाजाऱ्यांना कळत नाही होय? त्या आईबापांना आधी एक फोन तरी केला असेल काय? आणि तुमच्या सांगण्यावरनं आत्ताच शेवटचा भाग काढून बघितला. थंबनेलवर ४२च आहे.