लॉर्ड कार्डिगन शूर होता, पण अधिकारी म्हणून नालायकच!

रिकीब:
थंडी पडली की घरोघरी कार्डिगन बाहेर निघतात, समोरून बटणांचा स्वेटर. ते नाव ज्याच्यावरून आलं तो जेम्स ब्रूडनेल, सातवा अर्ल ऑफ कार्डिगन. परवा कुणीतरी त्याला ‘आदर्श सेनानी’ म्हटलं आणि मला राहवलंच नाही. शूर होता, मान्य. पण हाताखालच्या माणसांची जबाबदारी म्हणून काही असते, ती त्याला कधी कळलीच नाही.

१८२४ ला सैन्यात शिरला आणि १८३० ला लेफ्टनंट कर्नल, तेही एकही लढाई न बघता, कारण तेव्हा इंग्लंडात हुद्दे विकत मिळायचे आणि याच्या घरी पैशाला तोटा नव्हता. १५व्या हुसार्स या घोडदळाच्या रेजिमेंटमध्ये कॅप्टन वॉदनवर खटला भरला, वॉदन निर्दोष सुटला आणि १८३४ ला यालाच प्रमुखपदावरून काढलं. तरी दोन वर्षांत ११वी लाइट ड्रॅगून्स हातात! ही रेजिमेंट तेव्हा आपल्याकडे कानपूरला होती. वर्षानुवर्षं इथल्या उन्हात नोकरी केलेल्या अधिकाऱ्यांना हा तुच्छतेने ‘इंडियन’ म्हणायचा. १८४० ला मेसमध्ये पाहुण्यासाठी मोझेल वाइन मागवली, ती टेबलावर सुरईत न ओतता काळ्या बाटलीतच आली, तर तेवढ्यावरून कॅप्टन रेनॉल्ड्सला अटक! रेनॉल्ड्स त्या ‘इंडियन’ लोकांपैकीच.

तोफखाना:
रिकीब, एकतर्फी लिहिताय. हुद्दा विकत घेणं हा तेव्हाचा कायदेशीर मार्ग होता, खुद्द वेलिंग्टनच्या सुरुवातीच्या बढत्या अशाच आहेत, मग एकट्या कार्डिगनला का झोडायचं? आणि रेजिमेंटवर त्याने स्वतःच्या खिशातून पाण्यासारखा पैसा ओतला, ते लालचुटुक तुमानींचे गणवेश काय उगाच झाले?

आता मुद्दा बालाक्लाव्हाचा, म्हणजे क्रिमियन युद्धातल्या रशियाविरुद्धच्या लढाईचा, २५ ऑक्टोबर १८५४. ब्रिटिश सरसेनापती रॅग्लन टेकडीवर, त्याला दिसत होत्या त्या तोफा खाली दरीतल्या घोडदळप्रमुख लुकनला दिसतच नव्हत्या. शत्रूला तोफा नेऊ देऊ नका हा हुकूम मोघम, तो घेऊन आलेल्या कॅप्टन नोलनने हात केला तो दरीच्या पार टोकाकडे. लुकनच्या हाताखाली लाइट ब्रिगेडचा, म्हणजे हलक्या घोडदळाचा प्रमुख असलेल्या कार्डिगनने त्याला स्पष्ट सांगितलं की समोर तोफा आहेत आणि दोन्ही बाजूंनाही तोफा नि बंदूकवाले आहेत. लुकन म्हणाला रॅग्लनचा हुकूम आहे, इलाज नाही. मग हा गडी सगळ्यांच्या पुढे घोड्यावर ताठ बसून तोफांवर गेला, एकदाही मागे वळून न बघता. सत्तावन्न वर्षांचा होता हो! अजून काय करायला हवं होतं त्याने?

शांता वाचते:
मागे बघायला हवं होतं, तोफखाना दादा. तुम्ही ज्याचं कौतुक करताय तीच तर माझी तक्रार आहे. दौडताना १७व्या लान्सर्सचा कॅप्टन व्हाइट बरोबरीला आला तर याने तलवार आडवी धरून त्याला थोपवलं, आणि नोलन आपल्या पुढून आडवा गेला याचाच राग डोक्यात. परत आल्यावर कार्डिगन हेवी ब्रिगेडच्या, म्हणजे जड घोडदळाच्या जनरल स्कार्लेटकडे नोलनबद्दल कुरकुर करायला लागला, तेव्हा स्कार्लेटने सांगितलं की मी आत्ताच त्याच्या प्रेतावरून घोडा नेलाय. तोफेचा पहिलाच तुकडा नोलनच्या छातीत घुसला होता!

आणि सकाळचं का विसरता? हेवी ब्रिगेडने रशियन रिसाला उधळून लावला, शेजारीच लाइट ब्रिगेड उभी, कॅप्टन मॉरिस काकुळतीला येऊन सांगतोय की आत्ता पाठलाग करू द्या, आणि हा जागचा हलला नाही.

तोफखाना:
ताई, जागा सोडू नका असा लुकनचा हुकूम होता, निदान कार्डिगनचा समज तसा होता. दोघं मेहुणे, एकमेकांचं तोंड बघत नव्हते, अशा दोघांना एकाखाली एक नेमलं कुणी? तो दोष वरच्यांचा.
पाठलागाची संधी गेली हे मात्र मान्य.

रिकीब:
नेमणूक चुकीची होती, पटलं. पण तोफांपर्यंत पोचल्यावर? साधारण ६७० जण निघाले होते, शंभरावर मेले, घोडे तर साडेतीनशेच्या वर गेले. धुरात तोफांपलीकडे माणसं झुंजत होती, ब्रिगेडमधलाच अधिकारी लॉर्ड जॉर्ज पॅजेट कार्डिगनला शोधत होता की आता हुकूम काय, आणि कार्डिगन परत फिरलेला. साध्या शिपायांच्या गर्दीत लढणं हे सेनापतीचं काम नाही म्हणे. मग त्यांना बाहेर काढणं कुणाचं काम होतं? दुसऱ्या फळीत तर त्याची स्वतःची ११वी रेजिमेंट होती, तीच लाल तुमानीवाली पोरं, त्यांना मागे फिरायला सांगणाराही हा नव्हता. संध्याकाळी ती माणसं उघड्यावर पडली आणि हा झोपायला बंदरात आपल्या ड्रायॅड बोटीवर.

तोफखाना:
बोटीचं समर्थन मी करणार नाही. पण परतल्यावर उरलेल्यांसमोर उभं राहून त्याने सांगितलं होतं की हा वेडेपणा होता पण चूक माझी नाही, आणि शिपायांनी उत्तर दिलं, हरकत नाही साहेब, आम्ही परत जायला तयार आहोत. ज्यांनी ते भोगलं त्यांनीच असं म्हटलंय, रिकीब.

शांता वाचते:
म्हटलं ना, दादा. म्हणूनच तर जास्त वाईट वाटतं.