लेमूर कळपात ठेवले म्हणजे झालं का?

तापीकाठ, भुसावळ
दिवाळीत पोराकडे सिंगापूरला गेलो होतो, तिथल्या झूत ते शेपटीवर काळेपांढरे पट्टेवाले लेमूर, म्हणजे माकडासारखी जनावरं, पाहिले, उन्हाकडे पोट करून बसले होते, आपल्याकडे थंडीत म्हातारे ओट्यावर बसतात अगदी तसे. सगळे म्हणे किती मजेत आहेत! मला नाही पटलं. ह्यांच्यात राज्य बायांचं, मादी नरापुढचं खाणं ओढून घेते अन तो गुपचूप सरकतो. पण माद्यांचंही आपसात फाटतं, मग एखादीच्या सगळ्या मागे लागतात. ह्यांच्या मुलखात, आफ्रिकेजवळच्या मादागास्कर बेटावरच्या रानात, ती निघून तरी जाईल, पिंजऱ्यात कुठं जाणार?

केळीवाला_रावेर
भो आमच्या बागेत या अन वान्नरं पाहा. टोळीतून हाकललेला हुप्प्या एकटा फिरतो, कुत्रे लागतात त्याच्या मागे. बाहेर पडला म्हणजे सुटला असं कोण म्हणतं? लेमूरची निम्मी पिल्लं रानात पहिल्या वर्षातच जातात. अन रान तरी कुठं ऱ्हायलं, २०२० साली आययूसीएन ह्या निसर्ग जपणाऱ्या जागतिक संघटनेनं लेमूरच्या १०७ पैकी १०३ जाती धोक्यात सांगितल्या. झू नसते तर फोटोतच पाहिले असते.

धुळेकरीण
दादा, रान बरं की झू बरा हा मुद्दाच नाही ना. पिंजरा कसा ते बोला. नर मनगटाजवळच्या ग्रंथीचा वास शेपटीला चोळतात आणि शेपटी समोरच्यापुढे हलवून भांडतात, माद्याही वासाच्या खुणा करून ठेवतात, अन आपण रोज सकाळी सगळं औषध टाकून घासून काढायचं! म्हणजे घरातली सगळी चिठ्ठीचपाटी रोज धुऊन टाकल्यासारखं. अमेरिकेत ड्यूक विद्यापीठाचं लेमूर केंद्र १९६६ पासून आहे, तिथं ऊब असली की काही कळप कुंपण घातलेल्या खऱ्या जंगलात सोडतात. नको असलेल्यापासून लांब झाडावर जाऊन बसता येतं.

केळीवाला_रावेर
ताई तेवढी जागा कोणाकडे असते? शहरातल्या झूनं काय करायचं? भांडण झालं तर तिला वेगळी काढा, विषय संपला.

तापीकाठ, भुसावळ
संपला कसा? खालचे दात फणीसारखे असतात त्यांचे, त्यानं एकमेकांचं अंग विंचरत तासन्‌तास बसतात. एकटीचं कोण विंचरणार?

केळीवाला_रावेर
मग दुसऱ्या झूतून अशीच हाकललेली आणा की जोडीला. पटलं तर ठीक.

धुळेकरीण
आणि नाही पटलं तर ती कुठं जाईल, भाऊ?