कर्ज थकलं म्हणजे कोर्टात जायचंच नाही का?

धायरीकर: काल इथे एका महाशयांनी लिहिलं की थकबाकीदार कोर्टात जातात ते निव्वळ वेळ काढायला, सरफेसीच्या केसमध्ये स्टे देणंच बंद करा. डोकंच फिरलं वाचून. अहो 2002 चा हा सरफेसी कायदाच असा आहे की तारण जप्त करायला बँकेला कोर्टाची पायरी चढावी लागत नाही, 60 दिवसांची नोटीस की पुढे ताबा, आणि आपल्याला डीआरटीत, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात, जायला 45 दिवस. पूर्वी तर तिथे जायच्या आधी मागणीच्या 75 टक्के भरा म्हणायचे, ते 2004 ला मार्डिया केमिकल्सच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टानेच उडवलं. माझ्या धाकट्या भावाचं भोसरीत वर्कशॉप आहे, नोटिशीला लेखी हरकत दिली, बँकेने 15 दिवसांत उत्तर द्यायचं असतं, आलं दीड महिन्याने आणि तेही दोन ओळींचं. दंडव्याज दोनदा लावलेलं, ते डीआरटीत गेल्यावर सापडलं. आता बोला.

रिटायर्ड मॅनेजर: बोलतो. रिकव्हरीत केस पांढरे झालेत माझे. ताबा घ्यायला गेलो की आत भाडेकरू, करार मागच्या तारखेचा, आणि भाडेकरू म्हणजे साहेबांचा मेव्हणा! स्टेचा अर्ज नेमका लिलावाच्या आदल्या दिवशी. डीआरटी असताना थेट रिट याचिका घेऊ नका असं सुप्रीम कोर्टाने 2010 ला सत्यवती टंडनच्या केसमध्ये हायकोर्टांना बजावलं, तरी लोक जातातच. पैसे कोणाचे असतात हो हे? ठेवीदारांचेच ना?

कटिंग चहा: कर्जदार आणि बँक दोघं बसा भांडत, जामीनदाराचं कोण बोलणार? ऑफिसातल्या मित्रासाठी पतसंस्थेच्या फॉर्मवर सही केली, "अरे नुसती फॉर्मॅलिटी" म्हणाला. तीन वर्षांनी सहकार कायद्याच्या कलम 101 चा वसुली दाखला, माझ्या पगारातून कपात, आणि तो सिंहगड रोडला नवी गाडी फिरवतोय.

निवांत: सही करताना डोळे मिटले होते का? जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच, हे 1872 पासून कायद्यात आहे.

कटिंग चहा: रोज एका डब्यात जेवणाऱ्या माणसाला तोंडावर नाही म्हणून दाखवा, मग शिकवा कायदा. सुनावणीची नोटीस माझ्या जुन्या पत्त्यावर गेली, मला कळलं ते पगार कमी आला तेव्हा. बायको अजून टोमणे मारते.

निवांत: वहिनींचं बरोबरच आहे.

कटिंग चहा: वहिनींना मध्ये आणायचं काम नाही!!

धायरीकर: अहो विषय स्टेचा चाललाय, तुमची पतसंस्था कुठून घुसली?

कटिंग चहा: तुमच्या भावाला जामीन कोण आहे ते सांगा आधी.

धायरीकर: मीच.

निवांत: 😂

रिटायर्ड मॅनेजर: मग हसण्यावारी नेऊ नका. दंडव्याजाचं तुमचं बरोबर असेल, आमच्यातही गाढवं होती, मान्य. पण ते कमी होऊन मुद्दल काही माफ होत नाही. आणि लिलावाची नोटीस छापून यायच्या आत तडजोड करा. आमच्या वेळी विक्री होईपर्यंत पैसे भरून तारण सोडवता यायचं, 2016 च्या दुरुस्तीनंतर नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच, बाफना मोटर्सच्या निकालात 2023 ला ते पक्कं झालं. नोटीस आली का पेपरात?

धायरीकर: नाही अजून. भावाला फोन लावतोय. स्टेबद्दलचं मत मात्र तेच आहे माझं.