लोणारच्या उल्केमुळेच डायनोसॉर नष्ट झाले का?

मृद्गंध : गेल्या महिन्यात मुलीला लोणारचे सरोवर दाखवले. ‘ही उल्का पडली आणि डायनोसॉर संपले’ असे तेथे एकाने सांगितले, तर दुसऱ्याने विवर ज्वालामुखीचे असल्याचे ठामपणे सांगितले. मुलीला काय सांगावे?

कृष्णपाषाण : दोन्ही विधाने चुकीची आहेत. विवर दख्खनच्या लाव्ह्यापासून झालेल्या बेसाल्टमध्ये असल्याने ज्वालामुखीचा समज दीर्घकाळ टिकला. परंतु 1970च्या दशकात तेथील दगडांत मास्केलिनाइट सापडले आणि तो समज मागे पडला. प्लॅजिओक्लेज या खनिजावर आघाताचा प्रचंड दाब आला की त्याचे असे काचेसारखे रूप होते, आणि एवढा दाब ज्वालामुखीत निर्माण होत नाही. विवराचे वय एका पद्धतीने सुमारे 50 हजार, तर खडकातील आर्गॉन वायूच्या मोजणीने सुमारे 5 लाख 70 हजार वर्षे येते. यांतले कोणतेही धरले, तरी डायनोसॉर त्याआधी 6 कोटींहून अधिक वर्षांपूर्वीच नामशेष झाले होते.

अश्मवेध : डायनोसॉर संपवणारा आघात मेक्सिकोतील युकातानचा. लोणारचे विवर सुमारे 1.8 किलोमीटर रुंद, तर तेथले चिक्शुलूब सुमारे 180 किलोमीटर. भौतिकशास्त्रज्ञ लुईस, त्यांचे भूवैज्ञानिक पुत्र वॉल्टर अल्वारेझ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1980मध्ये इटलीतील गुब्बिओ येथील डायनोसॉर संपले त्या काळच्या मातीच्या पातळ थरात इरिडियम या पृथ्वीच्या कवचात दुर्मिळ, पण उल्कांत अधिक असलेल्या धातूचे असाधारण प्रमाण दाखवले, तेव्हा विवराची ओळख पटलेली नव्हती. ती 1990च्या सुमारास पटली. तेथील खडकांत जिप्सम हे गंधकयुक्त खनिज विपुल असल्याने गंधकाची संयुगे वातावरणात उसळली, सूर्यप्रकाश अडला, वनस्पतींपासून अन्नसाखळी कोसळली आणि सुमारे तीन-चतुर्थांश प्रजाती गेल्या. दख्खनचे लाव्हा-उद्रेक मात्र या आघाताच्या आधीच सुरू झाले होते. त्यांचा वाटा किती, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत; माझ्या मते निर्णायक घाव उल्केचाच. तेव्हा लोणारचा संबंध आहे तो इतकाच, की ज्या दगडात ते कोरले गेले तो त्या काळाचा साक्षीदार आहे.

मृद्गंध : आभारी आहे. आता त्या दगडाकडे पाहण्याची दृष्टीच बदलली. मुलीचा आणखी एक प्रश्न आहे : एवढ्या आघातानंतर त्या जागी पुन्हा काही जगते का?

अश्मवेध : जगते. चिक्शुलूबमध्ये 2016मध्ये केलेल्या खोदकामातून असे दिसले, की आघातानंतर काही वर्षांतच सूक्ष्मजीव त्या विवरात परतले होते. लोणारचे पाणी तर तीव्र अल्कधर्मी आहे, तरीही त्यात सूक्ष्मजीव भरपूर आहेत. 2020च्या जूनमध्ये ते गुलाबी झाले, तेही क्षारप्रिय सूक्ष्मजीवांमुळेच.