बोटीवरच्या माणसाने घरी खोटं बोलावं का?

नेरूळवाली:
नवरा सेकंड इंजिनियर. मार्च 2024 मध्ये म्हणाला, "तांबडा समुद्र टाळून, आफ्रिकेच्या दक्षिण टोकाच्या केपला वळसा घालून जातोय, काळजी नको." रात्री दीडला मी मोबाइलवर त्याच्या जहाजाचा ठिपका बघत होते. तो तांबड्या समुद्राच्या वाटेवरच्या एडनजवळ आला आणि थांबला. येमेनच्या हुती बंडखोरांच्या हल्ल्यांमुळे तिथे तेव्हा काही जहाजं एआयएस, म्हणजे जहाजाचं ठिकाण कळवणारी यंत्रणा, बंद ठेवत होती, हे मला नंतर कळलं. तेव्हा डोक्यात एकच होतं, की 6 मार्चला ट्रू कॉन्फिडन्स या मालवाहू जहाजावर क्षेपणास्त्र पडून तीन खलाशी गेले होते. सकाळी सासूबाईंनी विचारलं, "फोन आला का गं?" मी "हो" म्हटलं आणि पोळ्या लाटत राहिले. त्याच्या खोट्यात मीही सामील झाले. मार्ग घरी सांगायलाच हवा, असं माझं ठाम मत आहे.

ठाणेकर, निवृत्त चीफ इंजिनियर:
वहिनी, राग मानू नका. सांगून तुम्ही काय केलं असतंत? घरचा रडका फोन आला की वॉचवर, म्हणजे पाळीच्या ड्युटीवर, लक्ष लागत नाही, आणि इंजिन रूममध्ये लक्ष उडालं की हात जातो. सोमाली चाच्यांच्या काळात मी घरी अवाक्षर काढलं नाही. बायको निवांत झोपली.

नेरूळवाली:
ती झोपली, हे तुम्हाला कुणी सांगितलं? शिवाय आयबीएफचा, म्हणजे खलाशी संघटना आणि जहाज कंपन्यांच्या मंचाचा, करार असलेल्या बोटीवर, युद्धसदृश म्हणून जाहीर झालेल्या भागात जायला नकार देता येतो, कंपनीच्या खर्चाने परतता येतं. एवढा मोठा निर्णय तो एकट्याने कसा घेतो?

ठाणेकर:
कागदावर येतो नकार देता. पुढचं कॉन्ट्रॅक्ट मिळेल का, ही धास्ती राहतेच. घराचे हप्ते कोण भरणार?

घणसोलीची मुलगी:
माझ्या बाबांनी सांगितलं होतं. त्याच मार्चमध्ये माझी दहावी होती. पेपर सुटला की मैत्रिणी उत्तरं पडताळायच्या, मी आईच्या फोनवर बघायचे, एक टिक की दोन. आईला सांगावं, पण मुलांना नको. मला अजून एक टिक दिसली की पोटात गोळा येतो.

ठाणेकर:
काल बायकोला विचारलं. 2009 मध्ये, मी एडनच्या आखातात असताना, ती रोज दुपारी कंपनीत फोन करून बोट कुठे आहे विचारायची म्हणे. मला पत्ताच नव्हता. माझं मत तेच आहे, तरी मी सांगितलं नसतंच. पण काल रात्री आम्ही दोघंही जागेच होतो.