३० लाखांचं घरकर्ज शेवटी कितीला पडतं?

पिंप्राळा_रोहाऊस

राम राम मंडळी. जळगावात पिंप्राळ्याकडे ३८ लाखांचं तयार रो हाऊस ठरत आलंय. ८ लाख जवळ आहेत, ३० लाख कर्ज काढायचं. बँकेने ८.५ टक्के फ्लोटिंग (म्हणजे पुढे बदलू शकणारा) दर सांगितलाय, २० वर्षांना हप्ता २६ हजार. कर्ज करून देणारा एजंट म्हणतो २५ वर्षं करा, हप्ता २४ हजारांवर येईल, पुढे पगार वाढला की भरून टाका. पगार हातात ६२ हजार. रावेरकडे घरची थोडी केळी आहे, तिचे पैसे वर्षातून एकदा हाती लागतात.

सगळा जोडखर्च धरून हे घर शेवटी कितीला पडेल? आणि २० घ्यावं की २५?

हिशेबनीस_भुसावळ

भाऊ, आधी नुसतं कर्ज बघू. दर शेवटपर्यंत ८.५ च राहिला असं धरलं तर:

१५ वर्षं: हप्ता २९,५४२, एकूण भरणा ५३.१८ लाख, त्यात व्याज २३.१८ लाख
२० वर्षं: हप्ता २६,०३५, एकूण ६२.४८ लाख, व्याज ३२.४८ लाख
२५ वर्षं: हप्ता २४,१५७, एकूण ७२.४७ लाख, व्याज ४२.४७ लाख

२० चे २५ केले तर महिन्याला १,८७८ रुपये सुटतात आणि व्याज १० लाखांनी वाढतं. उलट १५ ला आलात तर महिन्याला ३,५०७ जास्त जातात आणि ९.३० लाख वाचतात. हप्ता लहान दिसला की गिऱ्हाईक लवकर सही करतं, एजंटचा सल्ला तिथून येतो.

आता २० वर्षांच्या हप्त्याच्या पोटात काय आहे ते बघा. पहिल्या २६,०३५ मध्ये व्याज २१,२५० आणि मुद्दल फक्त ४,७८५. पाच वर्षांत ६० हप्ते, म्हणजे १५.६२ लाख भरून झाले तरी मुद्दल बाकी २६.४४ लाख. साडेतीन लाखच फिटले. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो १४३ व्या हप्त्याला, म्हणजे बारावं वर्ष संपता संपता. निम्मं मुद्दल फिटायला चौदावं वर्ष उजाडतं. बँक फसवत नाही, व्याज बाकी मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला बाकी मोठी असते, एवढंच. पण पाच-सहा वर्षांनी घर विकायला काढणाऱ्यांचे डोळे इथेच पांढरे होतात.

बँकेकडून परतफेडीचा पूर्ण तक्ता मागून घ्या, २४० ओळींचा. शिवाय ऑक्टोबर २०२४ पासून बँकेने केएफएस नावाचं पत्रक देणं बंधनकारक आहे. त्यात एपीआर म्हणजे फी-बिया धरून पडणारा वार्षिक दर छापलेला असतो. दोन बँकांची तुलना करायची तर त्या आकड्याची करा, पोस्टरवरच्या दराची नको.

तापीकाठ

वरचा हिशेब बरोबर आहे, पण तुमचे ८ लाख आत्ताच कमी पडताहेत. मनपा हद्दीत मुद्रांक ६ टक्के धरा, ३८ लाखांवर २.२८ लाख. नोंदणी फी १ टक्का, कमाल ३० हजार. झाले २.५८ लाख. करारातली किंमत आणि रेडी रेकनरची (सरकारने त्या भागासाठी ठरवलेली) किंमत यांत जी जास्त, तिच्यावर मुद्रांक लागतो. हे पैसे बँक कर्जात धरत नाही. ऐनवेळी मग माणूस सोनं गहाण टाकतो नाहीतर पर्सनल लोन काढतो आणि ८.५ च्या शेजारी १२-१३ टक्क्यांचं दुसरं कर्ज येऊन बसतं.

खरेदीखत एकट्या वहिनींच्या नावावर केलं तर मुद्रांकात १ टक्का सूट मिळते, ३८ हजार वाचतात. दोघांच्या नावावर केलं तर ही सूट नाही. पण हे बँकेला आधी सांगा, कारण घर त्यांचं आणि पगार तुमचा असला की तुम्हाला सहकर्जदार व्हावं लागेल.

बँकेच्या फिया: प्रोसेसिंग अर्धा टक्का असेल तर १५,००० आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, म्हणजे १७,७००. वकिलाचा सर्च रिपोर्ट, मूल्यांकनवाल्याची फी, गहाणाचा मुद्रांक आणि गहाणाच्या नोटिशीची फी वेगळी. सगळ्यांची यादी मंजुरीआधी लेखी मागा. तोंडी सांगितलेल्या यादीत एक-दोन गोष्टी नेहमी राहून जातात.

सगळ्यात महाग वस्तू मात्र विमा. कर्जाबरोबर एकरकमी प्रीमियमचा विमा गळ्यात मारतात आणि ती रक्कम कर्जातच घालतात, म्हणजे खिशातून गेलेली जाणवत नाही. समजा प्रीमियम ९० हजार आहे. तो २० वर्षं ८.५ टक्क्यांनी फेडला की १.८७ लाखांना पडतो. विमा नक्की घ्या, पण साधा टर्म प्लॅन (फक्त मृत्यू झाल्यास पैसे देणारा विमा), बाहेरून, वर्षाला प्रीमियम भरायचा. या बँकेचाच विमा घेतल्याशिवाय कर्ज नाही असं कोणी म्हणालं तर ते लेखी द्या म्हणा. लेखी कोणी देत नाही.

आयकराचं जुनं गणित आता विसरा. राहत्या घराच्या व्याजावर २ लाखांची वजावट जुन्या करप्रणालीतच मिळते. नवीन प्रणालीत २०२५-२६ पासून १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर कर शून्य आहे. तुमचा पगार त्या आतला दिसतो, मग जो कर लागतच नाही तो वाचणार कुठून? "कर्जामुळे टॅक्स वाचेल" हे एजंटचं वाक्य तुमच्या बाबतीत शून्य रुपयांचं.

तर घराची बेरीज: ८ लाख जवळचे, २.५८ मुद्रांक-नोंदणी, अर्ध्या लाखाच्या आसपास किरकोळ, ६२.४८ हप्ते. साडेत्र्याहत्तर लाख.

पिंप्राळा_रोहाऊस

बाप रे. मुद्रांकाचं खरंच धरलं नव्हतं. अजून दोन शंका. दर वाढला तर काय होतं? आणि केळीचे पैसे भरायचे तर कधी आणि कसे?

रेपो_धुळे

दर वाढला की बहुतेक बँका हप्ता तसाच ठेवतात आणि मुदत ताणतात. हप्ता वाढला नाही म्हणून माणूस निवांत राहतो आणि गोम तिथेच आहे. तुमचंच कर्ज ८.५ ऐवजी ९.५ टक्क्यांनी चाललं आणि हप्ता २६,०३५ च राहिला, तर २४० हप्त्यांचे ३०९ होतात. एका टक्क्याला पावणेसहा वर्षं. एकूण भरणा ८० लाखांच्या पुढे.

हे कागदावरचं नाही. रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो, मे २०२२ च्या सुरुवातीला ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ झाला. तेव्हा अनेकांची मुदत निवृत्तीच्या पलीकडे गेली. पुढे २०२५ मध्ये फेब्रुवारी, एप्रिल आणि जून अशा तीन कपातींत तो ५.५ वर उतरला.

रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केला की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे ग्राहकाला विचारायचं. बँकेचा मेसेज आला की शाखेत जाऊन "हप्ता वाढवा, मुदत तीच ठेवा" असा अर्ज द्या आणि पोच घ्या. दर कमी झाला तर उलट, हप्ता कमी करून मागू नका. तोच चालू ठेवला की मुदत आपोआप घटते.

आणखी एक. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांचं नवीन फ्लोटिंग घरकर्ज रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधलेलं असतं आणि तीन महिन्यांतून एकदा तरी बदलावं लागतं. हाऊसिंग फायनान्स कंपन्यांना हे लागू नाही, त्या स्वतःच्या मूळ दराने चालतात. वाढ लगेच येते, कपात रेंगाळते. दोघांचा आजचा दर सारखा असला तरी पुढचा खर्च सारखा नसतो.

पतसंस्थेकडून कर्ज घ्यायचं म्हणाल तर तिथे "फ्लॅट" शब्द ऐकला की थांबा. फ्लॅट म्हणजे शेवटपर्यंत मूळ पूर्ण रकमेवर व्याज. १० लाखांवर ७ टक्के फ्लॅट, १० वर्षं, म्हणजे हप्ता १४,१६७. नेहमीच्या घटत्या बाकीच्या पद्धतीने हा दर ११.७ टक्के होतो.

हिशेबनीस_भुसावळ

केळीच्या पैशांचं मी सांगतो. १ लाख पहिलं वर्ष संपताना मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर १८ हप्ते कमी होतात, व्याज ३.७० लाख वाचतं. तेच १ लाख दहाव्या वर्षाच्या शेवटी भरले तर पावणेनऊ हप्ते आणि १.२७ लाख. म्हणून "पुढे पगार वाढला की भरून टाका" हा सल्ला उलटा आहे. भरायचं ते आधी.

दरवर्षी एक हप्ता जास्तीचा भरलात तरी कर्ज २०० महिन्यांत संपतं, व्याज सहा लाखांच्या वर वाचतं. दरवर्षी हप्ताच ५ टक्क्यांनी वाढवत नेला तर १२ वर्षं ३ महिन्यांत खेळ खलास. पगारवाढीतून तेवढं निघतं.

भरताना चुकतं ते असं. नुसते पैसे कर्जखात्यात टाकले की काही ठिकाणी ते पुढच्या हप्त्यांचा आगाऊ भरणा म्हणून पडून राहतात, मुद्दल हलत नाही. म्हणून अर्जात लिहा: "ही रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी." आठवड्याने नवीन तक्ता काढून बाकी तपासा. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक घरकर्जावर मुदतपूर्व भरण्याचा दंड लागत नाही, कोणी मागितला तर नियम दाखवा. फिक्स्ड दर असेल तर करार वाचा.

पैसे वर्षातून एकदा येतात आणि पुढे खता-मजुरीला परत लागतात, असं असेल तर ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं घरकर्ज विचारा. जादा पैसे त्या खात्यात ठेवायचे, असतील तितके दिवस तेवढ्यावर व्याज नाही, लागले की काढायचे. दर थोडा जास्त असतो. खात्यात वर्षातले चार-सहा महिने तरी दोन-तीन लाख पडून राहणार असतील तरच परवडतं.

नाना_चाळीसगाव

सगळे ७३ लाख, ८० लाख करून पोराला घाबरवताय. वीस वर्षांनंतरचे २६ हजार म्हणजे आजचे २६ हजार नव्हेत. महागाई ५ टक्के धरली तर शेवटचा हप्ता आजच्या पावणेदहा हजारांसारखा. सगळे हप्ते याच दराने आजच्या किमतीत आणा: १५ वर्षांचं कर्ज ३७.४ लाख, २० चं ३९.४, २५ चं ४१.३. तुमचा १० लाखांचा फरक दोन लाखांवर आला की नाही? आणि तेवढ्या वर्षांचं भाडं वाचतं ते कोणी मोजलंच नाही.

हिशेबनीस_भुसावळ

नाना, आकडे मान्य, आणि हे सांगायलाच हवं होतं. पण यात दोन गृहीतं आहेत. एक, उत्पन्न महागाईबरोबर वाढतं. पगारदाराचं वाढतं, केळीचा भाव तुम्हाला माहीत आहे. दोन, महिन्याचे सुटलेले १,८७८ कुठेतरी कामाला लागतात. ते घरखर्चात जिरले तर फरक परत मोठा. आणि ८.५ टक्क्यांचं कर्ज अंगावर असताना पैसे त्याहून कमी व्याजाच्या एफडीत ठेवणं तोट्याचंच. सहा महिन्यांचे हप्ते हाताशी ठेवून बाकीचे कर्जात भरावेत.

पिंप्राळावाल्या भाऊंना माझं मत: २० वर्षं. २६ हजार म्हणजे पगाराच्या ४२ टक्के, ताण आहे पण निभतं. १५ चा हप्ता कागदावर घेऊ नका, एखाद्या वर्षी केळीला भाव नाही मिळाला तर कोंडी होईल. २० चं घेऊन जमेल तेव्हा जास्तीचं भरा.

तापीकाठ

पुढेमागे कोणी "कर्ज आमच्याकडे वळवा, दर कमी" म्हणत येईल, तेव्हा हा हिशेब लक्षात ठेवा. बाकी २६.४४ लाख, १५ वर्षं उरलीत, तोपर्यंत तुमचा दर चढून ९.२५ झालाय. नवीन बँक ८.५ देते. मुदत १५ च ठेवली तर महिन्याला १,१७५ वाचतात, एकूण २.११ लाख, त्यातून नवीन प्रोसेसिंग, वकील, मूल्यांकन, गहाणाचा मुद्रांक वजा करा. पण नव्याने २० वर्षं केली तर हप्ता २२,९४५ वर येतो, खूप स्वस्त वाटतो, आणि एकूण भरणा ४८.९८ ऐवजी ५५.०७ लाख होतो. दर कमी झाला आणि खर्च सहा लाखांनी वाढला. वळवण्याआधी चालू बँकेतच फी भरून दर कमी करून मिळतो का ते विचारा, बहुतेक ठिकाणी सोय असते.

उतारा_अमळनेर

कर्ज फिटल्यावरचं कोणी लिहिलं नाही. शेवटचा हप्ता गेला म्हणजे सुटलो असं नाही. मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत द्यायचा नियम आहे. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते, डिसेंबर २०२३ पासून. कर्ज घेतानाच बँकेने ठेवून घेतलेल्या कागदांची सही-शिक्क्याची यादी घ्या. ती नसेल तर कोणता कागद हरवला हेच सिद्ध होत नाही.

ना-देय दाखला घेऊन तलाठ्याकडे बोजा कमी करायचा अर्ज द्या. उताऱ्यावर "इतर हक्क" रकान्यात बँकेचं नाव कर्जाच्या रकमेसह चढलेलं असतं आणि ते आपोआप उतरत नाही. सरसायवरची (गहाणांच्या केंद्रीय नोंदवहीतली) गहाणाची नोंद बँकेने बंद केली का तेही विचारा.

तापीकाठ

सिटी सर्व्हे झालेला भाग असेल तर तलाठी नाही, भूमी अभिलेख कार्यालयात मिळकत पत्रिकेवरचा (शहरी जागेच्या सातबारासारख्या उताऱ्यावरचा) बोजा कमी करावा लागतो. घर घेतानाही तीच पत्रिका नाहीतर सातबारा आधी काढून बघा, बिल्डरचा जुना बोजा अजून दिसतोय का ते.